यांचे पाय चालतात, मग डोके का चालत नाही?

फ्रान्सचा फुटबॉल संघ १९९८ साली विश्वविजेता झाला तेव्हा पॅरिसच्या रस्त्यांवर लाखो लोक उतरले. काळे, गोरे आणि अरब यांचा हा एकजीव संघ म्हणजेच नवा फ्रान्स, अशी घोषणा झाली. २०१८ साली पुन्हा विश्वचषक मिळाला, पुन्हा तेच कौतुक झाले. या कौतुकात आम्हालाही आनंद आहे. परंतु मैदानावरच्या अकरा जणांची मोजदाद करून थांबणारे लोक मैदानाबाहेरच्या एका माणसाकडे पाहायला विसरतात. संघ कोण निवडतो? डावपेच कोण आखतो? कोणाला खेळवायचे आणि कोणाला घरी बसवायचे हे कोण ठरवतो? प्रश्न घाम कोण गाळतो हा नाही, निर्णय कोण घेतो हा आहे. या प्रश्नाचे उत्तर शोधायचे तर ज्यां तिगाना या माणसाचे आयुष्य तपासून पाहिले पाहिजे.

तिगानाचा जन्म २३ जून १९५५ रोजी बामाको येथे झाला. आज ही मालीची राजधानी आहे. त्या वेळी हा मुलूख फ्रेंच साम्राज्याची वसाहत होता. लहानपणीच तो मार्सेय शहरात आला आणि तिथल्या कष्टकरी वस्तीत वाढला. पोटासाठी त्याने शेवयांच्या कारखान्यात काम केले, पोस्टमन म्हणून टपाल वाटले. तुलों या लहान क्लबातून त्याचा व्यावसायिक खेळ सुरू झाला. पुढे ल्यों आणि मग बोर्दो. बोर्दोने प्रशिक्षक एमे जाके यांच्या हाताखाली १९८४, १९८५ आणि १९८७ अशी तीन राष्ट्रीय विजेतेपदे मिळवली. त्या संघाच्या मधल्या फळीचा प्राण तिगाना होता.

फ्रान्ससाठी तो ५२ सामने खेळला. प्लातिनी, जिरेस, फर्नांडेझ आणि तिगाना या चौकडीला तिथले लोक 'जादूचा चौकोन' म्हणत. १९८४ च्या युरोपीय स्पर्धेत पोर्तुगालविरुद्धची उपांत्य लढत मार्सेयमध्येच झाली. जादा वेळेचीही शेवटची मिनिटे उरली होती. तिगानाने चेंडू घेऊन मुसंडी मारली आणि प्लातिनीच्या पायात चेंडू दिला. गोल झाला, फ्रान्स अंतिम फेरीत गेला आणि पुढे विजेताही ठरला. त्या दिवशी तिगानाचा एकोणतिसावा वाढदिवस होता. इतिहासाने गोल प्लातिनीच्या नावे लिहिला. तो घडवला वसाहतीतून आलेल्या एका पोस्टमनने.

खेळ संपल्यावर तिगाना प्रशिक्षक झाला. १९९३ साली ल्योंची सूत्रे घेतली आणि १९९५ साली हा संघ राष्ट्रीय स्पर्धेत दुसरा आणला. मग मोनॅको. १९९७ साली मोनॅको फ्रान्सचा विजेता झाला. पुढच्याच हंगामात त्याने मँचेस्टर युनायटेडला बाहेर काढून चॅम्पियन्स लीगची उपांत्य फेरी गाठली. ऑन्री आणि त्रेझेगे ही विशीतली पोरे त्याच्या संघात तयार झाली आणि १९९८ च्या विश्वविजयात सामील झाली. ज्या विजयाचे ढोल वाजले, त्या विजयाच्या पायाचे काही दगड तिगानाने बसवले होते.

२००० साली तो लंडनच्या फुलहॅम क्लबात गेला. पहिल्या हंगामात पहिले अकरा सामने सलग जिंकले, १०१ गुण मिळवले आणि ३३ वर्षांनी क्लबला इंग्लंडच्या अव्वल श्रेणीत नेले. तिथपर्यंत तो सगळ्यांना हवाहवासा होता. एप्रिल २००३ मध्ये मात्र त्याला काढण्यात आले. एवढ्यावर भागले नाही. स्टीव्ह मार्ले या खेळाडूच्या खरेदीत क्लबला जास्त पैसे मोजायला लावले, असा ठपका मोहम्मद अल फायेद यांच्या मालकीच्या या क्लबाने त्याच्यावर ठेवला आणि प्रकरण न्यायालयात गेले. २००४ साली लंडनच्या उच्च न्यायालयाने क्लबचा दावा फेटाळला आणि तिगाना निर्दोष ठरला. अपिलातही क्लबचे काही चालले नाही. माणसाची नोकरी जाते ती पुन्हा मिळू शकते. प्रामाणिकपणावर डाग पडला की तो पुसायला वर्षे जातात, हे आमच्या वाचकांना वेगळे सांगायला नको.

पुढे तुर्कस्तानात बेशिक्ताशला त्याने २००६ आणि २००७ असे लागोपाठ दोन राष्ट्रीय चषक मिळवून दिले. २०१० साली तो बोर्दोला परतला, पण तिथे जमले नाही. मे २०११ मध्ये घरच्या मैदानावर चार गोलांनी हरल्यावर त्याने राजीनामा दिला. पुढे शांघायला गेला आणि थोड्याच काळात परतला. हे अपयश आम्ही झाकत नाही. प्रत्येक पराभवामागे वर्णद्वेष आहे असेही आमचे म्हणणे नाही. प्रशिक्षक गोरा असो वा काळा, हरला की जातो. आमचा प्रश्न वेगळा आहे. तिगानासारखे किती जण मुळात दारापर्यंत पोहोचतात?

इतिहास काय सांगतो? राऊल दियान हा फ्रान्सच्या संघातला पहिला काळा खेळाडू. तो १९३१ साली खेळला. त्याचे वडील ब्लेझ दियान १९१४ साली फ्रान्सच्या संसदेत निवडून गेलेले पहिले काळे आफ्रिकी प्रतिनिधी. म्हणजे संसदेचे दार १९१४ साली किलकिले झाले, मैदानाचे १९३१ साली. राष्ट्रीय संघाच्या मुख्य प्रशिक्षकपदी मात्र त्यानंतरच्या नव्वदहून अधिक वर्षांत एकही काळा माणूस बसला नाही. खुद्द राऊल दियान प्रशिक्षक झाला तो सेनेगलचा. १९६३ साली डाकारच्या स्पर्धेत त्याच्या संघाने फ्रान्सच्या हौशी संघाला हरवले. त्याला डोके होते याचा याहून मोठा पुरावा कोणता?

असे का होते? खेळाडूची निवड उघड्यावर होते. गोल झाला की झाला, तो नाकारता येत नाही. प्रशिक्षकाची निवड बंद खोलीत होते. तिथे परीक्षेचा निकाल लागत नाही. ओळख, विश्वास, 'आपला माणूस' या निकषांवर नाव ठरते. जिथे गुण मोजता येतात तिथे वंचित माणूस पुढे येतो; जिथे 'पसंती' चालते तिथे तो मागे राहतो.

त्या बंद खोलीत काय बोलले जाते हे एकदा जगाला ऐकायला मिळाले. नोव्हेंबर २०१० मध्ये फ्रेंच फुटबॉल महासंघाची बैठक झाली. राष्ट्रीय प्रशिक्षक लोरां ब्लां हजर होते. बारा-तेरा वर्षांच्या मुलांच्या प्रशिक्षण केंद्रांत दुहेरी नागरिकत्व असणाऱ्यांची, म्हणजे मुख्यतः आफ्रिकी आणि अरब मुळाच्या मुलांची संख्या ३० टक्क्यांपर्यंत रोखावी, अशी चर्चा तिथे झाली. उंच, दणकट आणि ताकदवान मुलेच निवडली जातात आणि असे कोण आहेत तर काळे, अशा आशयाचे ब्लां यांचे बोलणे ध्वनिमुद्रित झाले. एप्रिल २०११ मध्ये 'मेदियापार'ने हे बाहेर काढले. तांत्रिक संचालक निलंबित झाले. ब्लां यांनी दिलगिरी व्यक्त केली, चौकशीत त्यांच्यावर ठपका आला नाही, योजनाही अमलात आली नाही. पण मानसिकता उघडी पडली. काळा म्हणजे ताकद, गोरा म्हणजे बुद्धी! अंगाने किरकोळ असलेला, खेळ वाचणारा तिगाना या साच्यात कुठे बसवायचा?

'कोटा' हा शब्द आमच्याकडे बंद दार उघडण्यासाठी आला. तिथे तोच शब्द उघडे दार लोटण्यासाठी वापरला जात होता. आमच्याकडे कोट्याला 'गुणवत्तेचा शत्रू' म्हणणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे. गुणवत्तेवर भरपूर काळी मुले निवडली जाऊ लागली, तेव्हा गुणवत्तेचीच अडचण झाली.

फ्रान्सचे शासन नागरिकांची वंशवार नोंद ठेवत नाही. त्यामागे कारण आहे. दुसऱ्या महायुद्धात ज्यूंच्या नोंदींचा उपयोग त्यांना छळछावण्यांत धाडण्यासाठी झाला. ही भीती खरी आहे. २००७ साली तिथल्या घटना परिषदेनेही वंश हा आकडेवारीचा आधार नाकारला. पण याचा दुसरा परिणाम असा की किती काळे प्रशिक्षक झाले, किती नाकारले गेले, याचा अधिकृत हिशेबच राहत नाही. भेदभाव मोजायचा नाही असे ठरवले म्हणून भेदभाव नाहीसा होत नाही. तो फक्त कागदावरून नाहीसा होतो.

पुढच्या वेळी एखादा संघ 'विविधतेचा विजय' म्हणून मिरवला जाईल तेव्हा आमच्या तरुणांनी टाळ्या जरूर वाजवाव्यात. त्याचबरोबर नजर मैदानाच्या कडेला न्यावी. तिथे उभे राहून हुकूम देणारा कोण आहे आणि त्याला नेमणारे कोण आहेत, ते पाहावे. राबण्याच्या जागी मिळालेला प्रवेश म्हणजे प्रतिनिधित्व नव्हे. निर्णयाच्या जागी बसल्याशिवाय बरोबरी होत नाही, आणि ती जागा आजवर कोणी आपणहून रिकामी करून दिलेली नाही.