वऱ्हाडीले कायले लाजता?

अमरावती-अकोल्यातली आपली पोरं-पोरी आता कविता नुसती लिहीत नाहीत, बोलतात. कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये, एखाद्या कॅफेच्या कोपऱ्यात, नाहीतर सरळ मोबाइलसमोर. 'स्पोकन वर्ड' हे नावही सगळ्यांना माहीत झालंय. चांगलीच गोष्ट आहे. मला खटकतं ते वेगळंच. जी मुलगी एसटीत मैत्रिणीला "मले काय मालूम" म्हणते, तीच माइक हातात आल्यावर एकदम 'तन्हाई', 'खामोशी', 'दास्ताँ' या शब्दांत शिरते. हे शब्द तिच्या घरात कोणी बोलत नाही. तिची अम्मी तर नाहीच नाही.

उर्दूशी माझं भांडण नाही. उर्दू आपली आहे, मदरशातून, शाळेतून, नानाच्या मुशायऱ्याच्या वेडातून आलेली. पण वऱ्हाडातल्या मुसलमानाच्या तोंडात आणखी एक भाषा आहे. कापसाच्या गाडीवर, आठवडी बाजारात, तहसीलच्या रांगेत, शेजारच्या काकूशी बोलताना ती आपोआप येते. ती कवितेत येत नाही, कारण ती 'गावंढळ' आहे असं आपल्या मनात कुणीतरी भरवलंय.

याच अमरावतीत डॉ. मिर्झा रफी अहमद बेग यांनी 'मिर्झा एक्स्प्रेस' चालवली. मूळ यवतमाळ जिल्ह्यातल्या खेड्यातला हा माणूस अमरावतीत स्थायिक झाला आणि एकट्याच्या जोरावर वऱ्हाडी कवितांचा कार्यक्रम घेऊन गावोगाव फिरला. शेतकऱ्याचं रडगाणं, पुढाऱ्याची थाप, घरातली नवरा-बायकोची कुरबुर, सगळं वऱ्हाडीत आणि सगळं हसवत. गणपतीचा मांडव असो की गावची जत्रा, लोक सतरंजीवर बसून मिर्झासाहेबांना ऐकायचे. आज ज्याला आपण स्पोकन वर्ड म्हणतो ते याहून वेगळं काय असतं? एक माणूस, एक माइक, समोर लोक, आणि त्या लोकांचीच बोली.

मराठी बोलणाऱ्या मुसलमानाला एक शाबासकी आयुष्यभर ऐकावी लागते : "अरे वा, तुमचं मराठी किती छान आहे!" बोलणारा प्रेमानं बोलतो, पण तुम्ही पाहुणे आहात हेही त्यात सांगून जातो. वऱ्हाडीत बोलणाऱ्याला ही शाबासकी देता येत नाही. वऱ्हाडी कुणी पुस्तकातून शिकत नाही, ती इथल्या मातीत खेळूनच येते. मिर्झासाहेबांचं नाव आणि त्यांची बोली एकाच वेळी कानावर पडायची आणि ऐकणाऱ्याला दोन्हींत काही विसंगत वाटायचं नाही. भाषणं देऊन, परिषदा घेऊन जे जमत नाही ते असं बसल्या जागी होऊन जातं.

आता उलटा धागा पाहा. याच अमरावतीत १९३२ साली सुरेश भट जन्मले. उर्दूतली गझल त्यांनी तंत्रासकट मराठीत आणली आणि नव्या पोरांना ती यावी म्हणून 'गझलेची बाराखडी' लिहून दिली. म्हणजे एकाच शहरात एका भटानं उर्दूचा साचा उचलला आणि एका मिर्झानं वऱ्हाडी बोली. कुणी कुणाची परवानगी मागितली नाही. आपण मात्र अजून मुशायरा एकीकडे आणि कविसंमेलन दुसरीकडे भरवतो. एकाच शहरात दोन कार्यक्रम, दोन श्रोतृवर्ग, आणि एकाला दुसऱ्याची खबर नाही.

एक शंका मात्र बाजूला सारता येत नाही. मिर्झासाहेबांना एवढं प्रेम मिळालं ते हसवलं म्हणून तर नाही ना? हसवणारा मुसलमान सगळ्यांना चालतो. तोच जर म्हणाला की मला या गल्लीत भाड्यानं घर मिळत नाही, तर टाळ्या वाजतील का? मला वाटतं मिर्झासाहेबांचं हसू पोकळ नव्हतं. कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याला स्वतःवर हसायला लावणं, आणि हसता हसता पुढाऱ्याला चिमटा काढणं, हे विदूषकाचं काम नाही. पण वऱ्हाडी म्हणजे विनोदाचीच बोली, असा शिक्का त्यातून घट्ट झाला हेही खरं. तो त्यांचा दोष नाही. तो पुसणं नंतरच्यांचं काम आहे. अकोल्याचे विठ्ठल वाघ वऱ्हाडीत गंभीर कविता गाऊन म्हणतात तेव्हा सभागृह चिडीचूप होतं. आणि मुसलमान मोहल्ल्यातलं जगणं मराठीत, न हसवता, मंचावरून सांगता येतं हे शेजारच्या बुलडाणा जिल्ह्यातल्या साखरखेर्ड्याच्या अजीम नवाज राहींनी दाखवलंय. त्यांचा 'व्यवहाराचा काळा घोडा' मिळवून वाचा. राहींना कविसंमेलनाचं सूत्रसंचालन करताना ऐकलं तर मुशायऱ्यातली निजामत मराठीत कशी उतरते हेही कळेल.

दूरचं एक उदाहरण देतो, कारण आपली पोरं व्हिडिओ तिकडचेच बघतात. एमी महमूद. सुदानमधल्या दारफूरच्या कुटुंबातली मुसलमान मुलगी, अमेरिकेत फिलाडेल्फियात वाढली, येलमध्ये शिकली. २०१५ मध्ये तिनं एकेकट्या कवींची जागतिक स्लॅम स्पर्धा जिंकली आणि २०१८ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासितविषयक संस्थेनं तिला सदिच्छादूत केलं. स्लॅम म्हणजे काय? शिकागोत मार्क स्मिथ नावाच्या एका बांधकाम मजुरानं १९८०च्या दशकात सुरू केलेला प्रकार. साधारण तीन मिनिटं मिळतात, आणि गुण देणारे पाच जण प्रेक्षकांतूनच उचललेले असतात. प्राध्यापक नाही, समीक्षक नाही. म्हणजे ज्यांना दारफूर नकाशावरही दाखवता येणार नाही, अशांसमोर एमीनं आपल्या आईवरची 'मामा' ही कविता म्हटली. समोरच्यांना जी भाषा कळते त्या भाषेत म्हटली, आणि आईला मात्र जशी आहे तशीच ठेवली, सुदानची.

आपल्या समोर कोण बसलंय? अचलपूरचा, मूर्तिजापूरचा, बाळापूरचा माणूस. २०२१च्या नोव्हेंबरात अमरावतीत आणि २०२३च्या मे महिन्यात अकोल्यात जे झालं, ते या माणसानंही पाहिलंय आणि आपणही. त्या दिवसांवर आपल्याकडच्या मुलांनी कविता केल्याच नाहीत असं नाही. मी ऐकल्यात. चांगल्या आहेत. पण बहुतेक सगळ्या अशा उर्दूत आहेत की त्या आपल्याच मोहल्ल्यात फिरून परत येतात. दंगलीच्या रात्री अम्मी दाराला कडी लावून बसली होती, हे शेजारच्या काकूंना कळायला हवं असेल, तर ते काकूंशी ज्या बोलीत रोज बोलतो त्याच बोलीत सांगावं लागेल. त्या रात्री काकूही कडी लावूनच बसल्या होत्या, हेही मग त्या सांगतील.

कुणी म्हणेल, दुखणं सांगायलाही आम्हीच भाषा बदलायची का? बदलायची नाही. वऱ्हाडी काही बाहेरून आणायची नाहीये. ती तोंडात आहेच, फक्त माइकपाशी आलो की आपण ती गिळतो. आणि तिच्यात आपले शब्द येतील तेही येऊ द्या. अम्मी, दुआ, जनाजा, ईदचा शीरखुर्मा, यांना मराठी पर्याय शोधत बसायची गरज नाही. मुस्लिम मराठी साहित्य संमेलन १९९० साली सोलापुरात पहिल्यांदा भरलं, तेव्हापासून हा वाद चाललाय की आमची मराठी कशी असावी. माझ्या मते ती आमच्या स्वयंपाकघरात असते तशी असावी.

मुलींबद्दल एक गोष्ट वेगळी सांगायला हवी. मुलग्याला मंचावर जाताना कुणी अडवत नाही, मुलीला घरातच पहिला प्रश्न येतो : काहून जातं? जे पालक हे वाचतील त्यांनी एकदा कार्यक्रमाला स्वतः येऊन मागच्या खुर्चीत बसावं. पोरगी काय म्हणते ते ऐकावं आणि मग ठरवावं.

आणि आपल्या चळवळीतल्या मित्रांना : येत्या हिवाळ्यात मुशायरा ठेवाल तेव्हा वऱ्हाडीतल्या पाच कवींना बोलवा, त्यात निदान दोन मुली असू द्या. त्यांना शेवटी, लोक उठायला लागल्यावर नको, मध्यात उभं करा. पत्रिका देवनागरीत आणि उर्दूत दोन्हींत छापा. सतरंज्या शेजारच्या गणेश मंडळाकडून मागून आणा, ते देतात.