तारखेचे कुळगोत्र

आमच्या घरी आत्याबाईंचे वाढदिवस दोन. पहिला श्रावण वद्य पंचमीचा. त्या दिवशी त्यांस पाटावर बसवून ओवाळतात आणि घरात पुरण शिजते. दुसरा १ जूनचा. तो कोणीही साजरा करीत नाही. परंतु सरकारदरबारी तोच तेवढा खरा धरला जातो. शके १८६० मधील ती पंचमी त्यांच्या आजोबांनी वहीत टिपून ठेविली होती. पुढे शाळेत नाव घालावयाच्या वेळी मास्तरांनी तारीख विचारली, ती बरोबर गेलेल्या मंडळींस सांगता येईना, आणि मास्तर आपल्या रिवाजाप्रमाणे १ जून लिहून मोकळे झाले. त्या पिढीतील कितीतरी स्त्रीपुरुषांची हीच हकीकत आहे. परवा माझ्या मुलाने हयातीच्या दाखल्याचा कागद त्यांच्यापुढे ठेविला, तेव्हा त्यांनी चष्मा पुसून तो नीट वाचला आणि विचारले, "अरे, ही तारीख माझी नाही हे मला ठाऊक आहे. पण मग ती आहे तरी कोणाची?"

मुलगा हसला, परंतु प्रश्न हसण्यावारी नेण्याजोगा नव्हता. 'तारीख' हा शब्द अरबी, 'सन' हाही अरबी. 'इसवी' हे विशेषण येशूच्या 'ईसा' या मुसलमानांत रूढ असलेल्या नावावरून आले. ज्या अंकांनी जग आज तारीख लिहिते, ते अंक भारतातून अरबांच्या हाती गेले आणि अरबांकडून युरोपात पोचले. आणि वर्षे मोजण्याची रीत मात्र एका ख्रिस्ती संन्याशाची. इतक्या कुळांचे रक्त ज्या एका लहानशा वस्तूत मिसळले आहे, ती आपल्या प्रत्येकाच्या भिंतीवर खिळ्याला लटकत असते, आणि तिचे कुळगोत्र विचारावे असे आपणांस कधी वाटत नाही.

ख्रिस्ती धर्माचा जगावरील परिणाम सांगावयाचा म्हणजे मिशनऱ्यांच्या शाळा, इस्पितळे, धर्मांतरे आणि धर्मयुद्धे यांचीच गणती बहुधा केली जाते. ती चुकीची आहे असे नव्हे. परंतु ज्या घरात बायबल कधी उघडले गेले नाही, त्या घरातही हा धर्म एका वाटेने येऊन बसला आहे, आणि ती वाट कालगणनेची होय. तिचा इतिहास या महिन्यात सांगावयाचे योजिले आहे. कारण त्यात आपल्या घरातील एका जुन्या वादावर प्रकाश टाकण्यासारखे काही आहे.

या इतिहासाचे मूळ एका व्रताच्या दिवसात आहे. येशूला क्रुसावर दिले ते यहुदी लोकांच्या वल्हांडण सणाच्या सुमारास, आणि तो सण वसंतातील पौर्णिमेचा. म्हणून येशूच्या पुनरुत्थानाचा जो ईस्टर सण, तोही चंद्राकडे पाहून ठरवावा लागे. निरनिराळ्या ठिकाणचे ख्रिस्ती तो निरनिराळ्या दिवशी करू लागले. तेव्हा रोमन बादशहा कॉन्स्टन्टाइन याने ३२५ साली नायसीया येथे बिशपांची परिषद भरविली, तीत इतर प्रश्नांबरोबर याचाही विचार होऊन सर्वांनी हा सण एकाच रविवारी पाळावा असे ठरले. पुढे जो नियम रूढ झाला तो असा: २१ मार्च हा वसंतसंपाताचा दिवस धरावा, त्या दिवशी किंवा त्यानंतर येणारी पहिली पौर्णिमा घ्यावी, आणि तिच्यानंतरचा पहिला रविवार हा ईस्टर.

आपल्याकडील पंचांग जाणणाऱ्या मंडळींस हा नियम वाचून ओळखीचे माणूस भेटल्यासारखे वाटेल. सूर्य, चंद्र आणि वार या तिघांचीही मर्जी सांभाळावयाची, हा तर आपल्या ज्योतिष्यांचा नित्याचा व्यवसाय. ख्रिस्ती गणिती ज्या चक्राचा आधार घेत ते एकोणीस वर्षांचे असे. एकोणीस सौर वर्षांत चंद्राचे २३५ महिने बसतात, म्हणजे बारांच्या हिशेबाने होणाऱ्या २२८ महिन्यांहून सात अधिक. आपल्याकडेही एकोणीस वर्षांत साधारणपणे सात अधिकमास येतात, ते याच कारणाने. ईस्टरच्या आधीची पौर्णिमा बहुधा आपली चैत्री पौर्णिमा असते, क्वचित होळीची. आकाश एकच असल्यामुळे असे होते.

या ईस्टरची कोष्टके करणाऱ्यांपैकी डायोनिशियस एक्झिगस या नावाचा एक संन्यासी ५२५ साली रोममध्ये होता. तोपर्यंतच्या कोष्टकांत वर्षे मोजीत ती डायोक्लिशियन बादशहाच्या राज्यारोहणापासून, म्हणजे २८४ पासून. या बादशहाने ख्रिस्ती लोकांचा अतोनात छळ केला होता. आपल्या प्रभूच्या सणाची गणना त्या छळकाच्या नावाने व्हावी, हे डायोनिशियसला रुचले नाही, आणि त्याने येशूच्या अवतारापासून वर्षे मोजण्याचा प्रघात घातला. त्याचा हिशेब थोडा चुकला असे आज बहुतेक अभ्यासक मानतात. ज्या हेरोद राजाच्या कारकीर्दीत येशू जन्मला असे बायबल सांगते, तो राजा इ. स. पू. ४ च्या सुमारास वारला. तेव्हा ख्रिस्ताचा जन्म ख्रिस्तपूर्व काळात झाला असे म्हणावयाचा विचित्र प्रसंग येतो. शिवाय त्याच्या गणनेत शून्य वर्ष नाही, इ. स. पूर्व १ संपले की एकदम इ. स. १ लागते. शून्याची कल्पना भारतातून युरोपात पोचावयास अजून कित्येक शतके अवकाश होता.

ही गणना ख्रिस्ती जगानेही एकदम उचलली नाही. इंग्लंडमधील बीड नावाच्या विद्वान संन्याशाने आपल्या देशाच्या धर्मसंस्थेचा इतिहास ७३१ साली पुरा केला, त्यात ती सर्वत्र वापरली आणि तेथून तिचा प्रसार वाढला. तरी पोर्तुगालने ती स्वीकारली ती १४२२ साली. म्हणजे ज्या गणनेस आपण ख्रिस्ती धर्माइतकीच जुनी समजतो, तिला ख्रिस्ती राष्ट्रांतच रुळावयास सुमारे नऊशे वर्षे लागली.

आता या कथेचा मुख्य भाग. ज्यूलियस सीझरने इ. स. पू. ४५ पासून जे वर्ष चालू केले होते ते ३६५ दिवस सहा तासांचे होते. खरे सौर वर्ष त्याहून सुमारे अकरा मिनिटांनी लहान आहे. अकरा मिनिटे म्हणजे काय मोठेसे, असे वाटेल. परंतु दर १२८ वर्षांत त्यांचा एक दिवस होतो. सोळाव्या शतकात वसंतसंपात आकाशात घडे ११ मार्चला आणि धर्माचे कोष्टक मात्र २१ मार्चच धरून बसलेले. ज्या सणावर सबंध धर्माचे वर्ष उभारले होते, त्याचा दिवसच खोटा पडू लागला.

येथे धर्मसंस्थेपुढे दोन मार्ग होते. पूर्वजांनी ठरविले ते पवित्र म्हणून तसेच चालू ठेवावयाचे, किंवा आकाशाची साक्ष घ्यावयाची. तिने दुसरा मार्ग पत्करला. १५१४ च्या सुमारास रोममध्ये या शुद्धीचा विचार निघाला तेव्हा कोपर्निकसचेही मत मागविण्यात आले. परंतु वर्षाचे आणि महिन्याचे मानच अद्याप पुरेसे निश्चित नव्हते, म्हणून ते काम त्या वेळी तडीस गेले नाही. पुढे इटलीतील लिलिओ नावाच्या वैद्याने सुधारणेची योजना आखली. ती मान्य झालेली पाहण्यापूर्वीच, १५७६ साली, तो वारला. क्लाव्हियस या जेझुइट गणितज्ञाने ती तपासून सिद्ध केली. बोलोन्या शहरातील सान पेत्रोनिओच्या मोठ्या प्रार्थनामंदिरात डांटी नावाच्या संन्याशाने याच काळात जमिनीवर एक दक्षिणोत्तर रेषा आखली, व उंचावर ठेवलेल्या छिद्रातून मध्यान्हीचा कवडसा त्या रेषेवर कोठे पडतो ते पाहून संपाताचा दिवस मोजला. त्याच मंदिरात कॅसिनी या ज्योतिष्याने १६५५ साली आखलेली मोठी रेषा आजही पाहावयास मिळते. देवळाची फरसबंदी वेधशाळेच्या उपयोगी पडली, ती व्रताचा दिवस चुकू नये या चिंतेपोटी!

अखेर पोप तेरावा ग्रेगरी याने २४ फेब्रुवारी १५८२ रोजी आज्ञापत्र काढले. त्याप्रमाणे त्या वर्षी गुरुवार ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी शुक्रवार १५ ऑक्टोबर आला. मधले दहा दिवस गळाले. वारांचा क्रम मात्र मोडला नाही. स्पेनमधील साध्वी तेरेसा हिचे देहावसान नेमके त्याच रात्री झाले, आणि दुसऱ्या दिवशी तिला पुरले तेव्हा तारीख १५ होती. पुढे चूक साचू नये म्हणून शतकाच्या वर्षाला चारशेने भाग गेला तरच ते लीप वर्ष मानावयाचे, असा नियम झाला. म्हणून १७००, १८०० आणि १९०० या वर्षी फेब्रुवारीचे दिवस २८च होते, आणि २००० साली २९.

हे वाचून कोणी रोमच्या धर्मसंस्थेस विज्ञानाची कैवारी ठरवू नये. याच संस्थेने पुढे १६३३ साली, पृथ्वी फिरते असे प्रतिपादिल्याबद्दल, गॅलिलिओला शिक्षा केली. एकाच माणसाच्या हातून जशी बरी-वाईट दोन्ही कृत्ये घडतात, तशीच ती संस्थेच्या हातूनही घडतात.

पण खरी मौज पुढेच आहे. सुधारणा गणिताने निर्दोष. परंतु ती पोपच्या हातून आली एवढ्यासाठी प्रॉटेस्टंट राष्ट्रांनी ती नाकारली. जर्मनीतील ऑग्जबर्ग शहरात या प्रश्नावरून १५८४ साली दंगा उसळला. स्वतः प्रॉटेस्टंट असलेला केप्लर नव्या गणनेची बाजू मांडीत राहिला, परंतु त्याच्या हयातीत ती त्याच्या पंथाने मानली नाही. जर्मनीतील प्रॉटेस्टंट संस्थाने वळली ती १७०० साली. इंग्लंड त्याहून हट्टी. तेथे २ सप्टेंबर १७५२ नंतर एकदम १४ सप्टेंबर उजाडला. न्यूटनचा जन्म इंग्रजी हिशेबाने २५ डिसेंबर १६४२ चा, आणि समुद्रापलीकडे तोच दिवस ४ जानेवारी १६४३. आपल्या कोकण किनाऱ्यावरही हा प्रकार होता. गोव्याचे पोर्तुगीज नवी गणना पाळीत आणि मुंबईचे इंग्रज जुनी. एकाच समुद्राकाठी दोन ख्रिस्ती सत्तांच्या तारखांत दहा-अकरा दिवसांचे अंतर. १७५२ च्या बदलाने ते मिटले. रशियाने जुनी गणना सोडली ती १९१८ साली. म्हणूनच तेथील ऑक्टोबर क्रांतीचा दिवस नोव्हेंबरात येतो.

सूर्याशी फारकत झाली तरी चालेल, पण प्रतिपक्षाशी सहमत व्हावयाचे नाही, या हट्टापायी शहाण्या राष्ट्रांनी पावणेदोनशे वर्षे चुकीच्या तारखा लिहिल्या. त्यांना हसण्यापूर्वी आपण आपल्या माजघरात डोकवावे. आपल्याकडेही केरो लक्ष्मण छत्रे, शंकर बाळकृष्ण दीक्षित, व्यंकटेश बापूजी केतकर आणि लोकमान्य टिळक यांनी पंचांग प्रत्यक्ष वेधांशी जुळावे म्हणून अतोनात परिश्रम केले. त्यांना कमी विरोध झाला काय? दोन पंचांगांत अधिकमास निराळा पडला म्हणजे काही वर्षी एकाच गावात दोन घरचे सण महिन्याच्या अंतराने होतात, हे कोकणातील वाचकांस सांगावयास नको. सूर्य उत्तरेकडे वळतो तो डिसेंबरच्या २१-२२ तारखेस. आपली मकरसंक्रांत १४ किंवा १५ जानेवारीला. सुमारे सतराशे वर्षांपूर्वी ही दोन्ही एकत्र होती. आपण राशी स्थिर ताऱ्यांवरून मोजतो म्हणून हे अंतर पडले, आणि ती एक जाणूनबुजून पत्करलेली पद्धत आहे हे खरे. तथापि तिळगूळ वाटताना 'आजपासून उत्तरायण' असे मुलांना सांगणे खरे नव्हे. स्वातंत्र्यानंतर मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली १९५२ साली नेमलेल्या समितीने सर्व देशासाठी एक शुद्ध पंचांग सुचविले आणि ते २२ मार्च १९५७ पासून, म्हणजे १ चैत्र शके १८७९ पासून, अमलात आले. ते सरकारी राजपत्रावर छापले जाते. घरात मात्र त्यास कोणी थारा दिला नाही.

आमच्या काकांचे यावर एक म्हणणे असते. परक्यांच्या देवाच्या जन्मापासून आपण आपली वर्षे का मोजावी? ते अजूनही पत्रावर शके घालतात, आणि त्यात मला काही गैर दिसत नाही. परंतु इसवी सन लिहिल्याने कोणी ख्रिस्ती होत नाही, जसे आपले अंक लिहिल्याने युरोप हिंदू झाला नाही. वापरून वापरून वस्तूवरचे धन्याचे नाव पुसट होते. भीती आहे ती निराळीच. नवे घेताना जुने टिपून ठेवावयाचे आपण विसरतो. आमच्या घरातील तरुण मंडळींस स्वतःची जन्मतिथी विचारली, तर तिघांपैकी दोघे गप्प बसतात. आजोबांचे श्राद्ध कोणत्या तिथीस, हे परदेशी असलेल्या पुतण्यास फोन करून विचारावे लागते. ग्रेगरीने दहा दिवस टाकले. सण टाकला नाही. आपण दिवस तसेच ठेविले आणि सणाचा मागमूस विसरू लागलो, तर तो दोष कोणत्याही पोपचा नव्हे.

हे सारे मी आत्याबाईंस थोडक्यात सांगितले. माझ्या मुलाने जुने पंचांग काढून त्यांच्या पंचमीची ऑगस्टातील खरी तारीखही शोधली आणि कागदावर ती दुरुस्त करून घेऊ या, असा उत्साह दाखविला. आत्याबाईंनी मान हलविली. "त्या कागदावर १ जूनच राहू दे बाबा, नाहीतर पेन्शन अडकेल. पण आजोबांच्या वहीच्या कडा झिजल्या आहेत. तेवढी पंचमी नव्या वहीत उतरून ठेव. आणि शेजारी तुझी स्वतःचीही तिथी लिही."

मुलगा वही घेऊन बसला. आपली तिथी मात्र त्याला आईस विचारावी लागली.