ताबा सूचना आणि साठ दिवसांचे मौन

यवतमाळ, पुसद, वणी किंवा दारव्हा येथे वृत्तपत्र उघडले की मधूनमधून 'ताबा सूचना' या मथळ्याखाली कुणा कर्जदाराचे नाव, थकलेली रक्कम आणि घराच्या चतुःसीमा छापलेल्या दिसतात. आपण नाव वाचतो, हळहळतो आणि पान उलटतो. त्या सूचनेपूर्वी त्या घरात किती दिवस कुणीच कुणाशी बोलले नसेल, याचा विचार मात्र आपल्या मनात येत नाही.

बँकांना हा अधिकार २००२ च्या सरफेसी कायद्याने मिळाला. त्यापूर्वी वसुलीसाठी न्यायालयाची पायरी चढावी लागे व दावे वर्षानुवर्षे चालत. आता कर्ज थकीत ठरल्यावर बँक कलम १३(२) खाली साठ दिवसांची नोटीस देते. मुदतीत रक्कम न भरल्यास ती तारण मालमत्तेचा ताबा घेऊ शकते. प्रथम दारावर सूचना चिकटवून प्रतीकात्मक ताबा घेतला जातो. प्रत्यक्ष ताब्यास विरोध झाल्यास बँक जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते आणि त्यानंतर लिलाव होतो.

आपल्या जिल्ह्यात याविषयी दोन गैरसमज आढळतात. शेतकऱ्याला वाटते की बँक उद्या शेतावर येईल. वस्तुतः शेतजमीन या कायद्यातून वगळलेली आहे. परंतु ती प्रत्यक्ष शेतीची असावी लागते. केवळ कागदोपत्री नोंद पुरेशी नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली गोव्यातील एका हॉटेलच्या प्रकरणात स्पष्ट केले. शिवाय पतसंस्था वा सेवा सोसायटी सहकार कायद्याच्या कलम १०१ खालील वसुली दाखल्याआधारे कारवाई करू शकते. दुसरा गैरसमज शहरातील घरमालकाचा. "राहते घर कोण घेणार?" या भरवशावर तो नोटीस कपाटात ठेवतो. राहत्या घराला या कायद्यात अशी सूट नाही.

तथापि हा कायदा कर्जदाराला अगदीच निराधार सोडत नाही. साठ दिवसांत लेखी हरकत घेतल्यास बँकेने पंधरा दिवसांत सकारण उत्तर देणे आवश्यक आहे. ताब्याच्या कारवाईविरुद्ध पंचेचाळीस दिवसांत नागपूरच्या कर्ज वसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. त्यासाठी आधी पंचाहत्तर टक्के रक्कम भरण्याची मूळ अट २००४ साली मार्डिया केमिकल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. लिलावात देणे व खर्च वजा जाऊन पैसे उरले, तर ते कर्जदाराचेच असतात. मात्र पूर्ण रक्कम भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क लिलावाची सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच राहतो. २०१६ ची दुरुस्ती आणि २०२३ चा बाफना मोटर्स निकाल यांनी ही मर्यादा पक्की केली आहे. थोडक्यात, दारे आहेत, पण ती एकामागून एक बंद होत जातात.

मग बँकेला खलनायक ठरवावे काय? आम्हांस तसे वाटत नाही. यवतमाळच्याच बाबाजी दाते महिला सहकारी बँकेवर रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये निर्बंध घातले, तेव्हा ठेवीदारांना पाच हजारांपेक्षा अधिक रक्कम काढता येईना. पुढच्याच वर्षी बँकेचा परवाना रद्द झाला. बँक जे पैसे कर्जाऊ देते ते अखेर कुणा निवृत्त शिक्षकाचे, कुणा विधवेचे असतात. वसुली व्हावयासच हवी. ती नियमाने व माणुसकीने व्हावी, एवढेच आमचे म्हणणे.

कर्जाने माणूस आतून कसा खचतो, हे या जिल्ह्याला कुणी शिकवावयास नको. शेतकरी आत्महत्यांमुळे जुलै २००६ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले व सहा जिल्ह्यांसाठी मदत जाहीर झाली, त्यांत यवतमाळ होता. रकमेइतकीच, कित्येकदा त्याहूनही अधिक, लाज माणसाला छळते. नोटीस आल्याचे पत्नीपासून, भावापासून लपवले जाते आणि ते साठ दिवस मौनातच सरतात.

म्हणून आमची विनंती साधी आहे. नोटीस आली तर त्याच दिवशी ती घरात वाचा, तारीख लिहून ठेवा, बँकेत जाऊन लेखी म्हणणे द्या व पोच घ्या, वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. आणि शेजाऱ्याच्या दारावर ताबा सूचना दिसली, तर कुजबूज न करता त्याच्या घरी जाऊन बसा. कागद समजून घेणारा एक माणूस सोबत असला, तरी उरलेले दिवस कारणी लागतात.