रुमालातला फोन



मागच्या महिन्यात एक जुनी मैत्रीण कार्यालयात आली. पिशवीतून रुमालात गुंडाळलेला बटणांचा मोबाईल काढून टेबलावर ठेवला. "ताई, यात त्याच्या धमक्या आहेत, २०१० सालच्या. मुलाने नव्या फोनवर घेतल्या, पण लागतच नाहीत. पुसल्या गेल्या का हो?"

पुसल्या गेल्या नव्हत्या. त्या काळच्या फोनमध्ये जागा कमी, म्हणून ते आवाज 'एएमआर' नावाच्या पद्धतीने दाबून साठवत. त्यात तासाभराचं बोलणं सहा एमबीच्या आत मावतं. आजचे काही फोन ही फाइल उघडत नाहीत, इतकंच. संगणकावर व्हीएलसी हा फुकट मिळणारा प्रोग्रॅम ती वाजवतो आणि एमपी३ किंवा वेव्हमध्ये बदलूनही देतो. फाइल चढवा, लगेच बदलून देतो म्हणणाऱ्या वेबसाइटकडे मात्र जाऊ नका. एका बाईच्या घरातलं बोलणं आपण अनोळखी माणसाच्या हाती का द्यावं?

बदलल्याने आवाज स्पष्ट होत नाही, हेही तिला आधीच सांगावं. जे त्या फोनने टिपलंच नाही, ते एमपी३मध्ये कुठून येणार?

आता माझीच चूक सांगते. काही वर्षांपूर्वी एका मुलीचं रेकॉर्डिंग मी उत्साहाने एमपी३ केलं आणि कार्डावर जागा हवी म्हणून मूळ फाइल पुसून टाकली. वकीलबाईंचा पहिलाच प्रश्न होता, "मूळ कुठाय?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. घराच्या चार भिंतींत जे घडतं त्याला साक्षीदार नसतो. त्या मुलीकडे होता तेवढा एक पुरावा मी लंगडा करून ठेवला.

जालन्याच्या निवडणुकीवरून उभ्या राहिलेल्या अर्जुन पंडितराव खोतकर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली हे स्पष्ट केलं आहे. मालकाने साक्षीच्या पिंजऱ्यात उभं राहून मूळ उपकरणच हजर केलं, तर वेगळं प्रमाणपत्र लागत नाही. नक्कल दिली तर लागतं. १ जुलै २०२४पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम ६३ लागू आहे. त्या प्रमाणपत्रात फाइलचं 'हॅश' मूल्य, म्हणजे तिचा अंगठ्याचा ठसाच म्हणा ना, लिहावं लागतं. एमपी३ केलं की हा ठसा बदलतो. तेव्हा एमपी३ आपल्या ऐकण्यासाठी, लिहून काढण्यासाठी. मूळ फाइल, कार्ड आणि फोन यांना हात लावायचा नाही. आणि हो, चार्जरही जपा! आम्हाला तो शोधायलाच दोन दिवस लागले.

तिच्या सातही फाइली उघडल्या. तिने ऐकल्या नाहीत. "लागतात ना? मग झालं," म्हणाली. पेन ड्राइव्ह आमच्याकडे ठेवला आणि फोन पुन्हा रुमालात गुंडाळून घेऊन गेली. पुढच्या तारखेला आम्ही दोघी जाणार आहोत.