पुनर्जन्म कोणाचा?

दिवाळीत पोराच्या हातातील टिकल्यांच्या पिस्तुलावर रागावणाऱ्यांपैकी मी नव्हे. मुलांनी लढाईचा खेळ खेळूच नये, असे म्हणणाऱ्याने आधी आपला बुद्धिबळाचा पट गुंडाळून ठेवावा! माझे भांडण निराळे आहे.

‘डेल्टा फोर्स’ हा संगणकावरील युद्धखेळ अमेरिकेतील नोव्हालॉजिक कंपनीने १९९८ साली काढला. दूरवर पसरलेल्या टेकड्या, पालथे पडून धरलेला नेम, आणि एखाददुसरी गोळी लागली की कारभार आटोपला. असा त्याचा करडा बाणा. पुढे चीनच्या टेन्सेन्टने डिसेंबर २०२४ मध्ये हे नाव नव्या रूपात संगणकावर आणले. प्रवेश फुकट, दुकाने मात्र मांडवाच्या आत! फेब्रुवारी २०२५ मध्ये त्याला ‘ब्लॅक हॉक डाउन’ ही मोहीम जोडली. जुन्या मालिकेत त्याच नावाचा खेळ २००३ साली निघाला होता.

शौकीन म्हणतात, अभिजात खेळाचा पुनर्जन्म झाला. झाला असेल. पण या मोहिमेतील लढाई कोणा कादंबरीकाराने रचलेली नाही. ३ आणि ४ ऑक्टोबर १९९३ रोजी सोमालियाच्या मोगादिशू शहरात ती खरोखर झाली. अमेरिकेचे १८ सैनिक तीत पडले. त्यांची नावे नोंदलेली आहेत. सोमाली माणसे शेकड्यांनी मेली. त्यांत बायका होत्या, पोरे होती. त्यांचा नक्की आकडादेखील आजवर ठरलेला नाही. आणि या मोहिमेत खेळणाऱ्याने उभे राहायचे कोठे? मुख्यतः अमेरिकन बंदुकीच्या मागे!

“अहो, खेळच तो!” असे कोणी म्हणेल. खेळच, म्हणून तर विचारतो. आपली पोरे अंगणात मातीचा किल्ला करतात. वर महाराज, बुरुजावर मावळे. पण पायथ्याशी विहीर असते, पाणी भरणारी बाई असते, भाजीवाली असते. लढाई होते तेथे माणसे राहतात, एवढे आठ वर्षांच्या पोराला कळते. मग खेळ रचणाऱ्या शहाण्यांनी त्या माणसांच्या जागीही खेळणाऱ्याला नीट बसवायला नको?

जुना खेळ खुशाल जिवंत करा. पण ज्या गल्लीत खरी माणसे मेली ती गल्ली मांडलीत, तर तेथल्या एखाद्या घरात खेळणाऱ्याला एकदा बसू द्या. दाराला कडी लावून, हातात काही न घेता, बाहेरचे आवाज ऐकत. तोवर पुनर्जन्म झाला तो फक्त बंदुकीचा, असेच मी म्हणणार.