पार्वतीबाईंना भ्रमिष्ट ठरवण्यापूर्वी

पानिपताचा विषय निघाला की आपल्या बैठकींतून एक वाक्य हमखास कानी पडते : ‘भाऊसाहेबांच्या पत्नीला बिचारीला दुःखाने भ्रम झाला होता.’ बोलणाऱ्याच्या मनात कणवच असते. निवाडा मात्र अन्यायाचा आहे.

१४ जानेवारी १७६१ रोजी सदाशिवरावभाऊ रणांगणी पडले. मोहिमेत सोबत असलेल्या पार्वतीबाई त्या आकांतातून वाचून दक्षिणेत परतल्या. पतीचा मृत्यू त्यांनी डोळ्यांनी पाहिला नव्हता. भाऊंचा देह सापडून त्यास अग्निसंस्कार झाल्याचे काशीराज लिहितो. पण तो शुजाउद्दौल्याच्या पदरचा, म्हणजे शत्रूच्या गोटातला. बाईंनी वैधव्य पत्करले नाही. १७८३ साली निवर्तल्या त्या सौभाग्यवती म्हणूनच.

त्यांची समजूत खरी नव्हती, हे मान्यच आहे. पण तेवढ्यावरून भ्रमिष्ट ठरवायचे, तर इतरांचे काय करावे? पुढे सुखनिधान नावाचा तोतया ‘मीच भाऊ’ म्हणून उभा राहिला. १७७६ साली कोकणातले किल्ले त्याच्या हाती गेले, जाणती माणसे त्याला मिळाली. त्यांना आपण फार तर फसलेले म्हणतो, स्वार्थी म्हणतो. वेडे म्हणत नाही. नानासाहेब पेशवे पुत्रशोकाने आणि बंधुशोकाने खचून त्याच वर्षी, जून १७६१ मध्ये, पर्वतीवर वारले. त्यांच्या खचण्यास आपण शोक म्हणतो. मग बाईंच्याच शोकाला रोगाचे नाव का?

शिवाय पतीचे मरण मान्य करण्याची त्या काळी स्त्रीला किंमत मोजावी लागे. कुंकू पुसायचे, केशवपन करायचे, मंगलकार्यातून कायमचे बाजूला व्हायचे. प्रेत पाहिले नसताना, केवळ बातमीवर हे सारे स्वीकारायला नकार देणे यात वेडेपणा कोणता? आज मानसशास्त्रही, आप्त बेपत्ता झालेल्यांचे दुःख निराळे मानते. ज्याची खात्री पटत नाही, त्या मृत्यूचा शोक संपायचा कसा, हा त्यातला पेच आहे.

ज्यांचे पूर्वज मराठी फौजांमागोमाग ग्वाल्हेर-इंदुरात स्थिरावले, त्या आपल्या घराण्यांना हे शास्त्राने सांगावे लागू नये. मोहिमेवरून न परतलेल्यांची वाट पाहणाऱ्या स्त्रिया आपल्या घरांतूनही झाल्याच असतील. त्यांचीही नोंद आपण ‘डोक्यावर परिणाम झालेली’ अशीच ठेवणार आहोत काय? पुढच्या वेळी बैठकीत ते वाक्य कोणी उच्चारले, तर ऐकून घेऊ नये. तिथेच हरकत घ्यावी.