बदलीचा अर्ज आणि कोर्टाचा दरवाजा

जिल्हा परिषद शिक्षकांच्या बदल्यांची यादी निघाली की संध्याकाळी आमच्या दारात चपलांची गर्दी होते. परवा एक वयस्क गृहस्थ आले. सून जिंतूर तालुक्यात शिक्षिका, मुलगा गंगाखेडला नोकरीस, नातू आजीजवळ. म्हणाले, "भाऊ, कोर्टातून तिची बदली करून आणा."

आम्ही वकील नव्हे, कारकून. परंतु कागद वाचता येतो म्हणून लोक येतात. त्यांना जे सांगितले तेच इथे सांगतो. कोर्ट बदली करून देत नाही. नियम पाळला की मोडला, एवढेच ते पाहते.

बिहारमधल्या प्राथमिक शिक्षिकांचे प्रकरण ध्यानात ठेवावे. पतीच्या गावाजवळ त्यांनी मागितलेल्या बदल्या मिळाल्या, पण त्यामुळे हलवलेले शिक्षक कोर्टात गेले आणि हायकोर्टाने बदल्या रद्द केल्या. सुप्रीम कोर्टाने शिल्पी बोस खटल्यात तो निकाल फिरवला. बंधनकारक नियम मोडला असेल किंवा आकसाने बदली केली असेल, तरच कोर्टाने हात घालावा, असे ठरले. 2021 साली अमरोह्याच्या एका प्राध्यापिकेलाही हेच ऐकावे लागले, की कुणाला कुठे नेमायचे ते नोकरी देणारा ठरवील. मात्र 2022 साली केंद्रीय अबकारी व कस्टम खात्याच्या प्रकरणात त्याच कोर्टाने सरकारलाही बजावले, की धोरण आखताना नोकरदारांच्या संसाराचा विचार करा.

म्हणून नियम कोणता, हे आधी शोधावे. आपल्या राज्यात 27 फेब्रुवारी 2017 च्या शासन निर्णयाने पती-पत्नीच्या शाळांत 30 किलोमीटरहून जास्त अंतर असल्यास वेगळा संवर्ग दिला. पुढे 2021 व 2024 साली धोरण बदलले. त्यामुळे शेजाऱ्याच्या जुन्या झेरॉक्सवर विसंबू नये. अंतराचा दाखला खरा जोडावा. खोट्या दाखल्याने एक बदली साधेल, पण नोकरीवर बालंट येईल.

जिल्हा परिषदेच्या शिक्षकांना दाद औरंगाबाद खंडपीठात मागावी लागते, तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. तोवर हुकूम मिळताच रुजू व्हावे. नुसता अर्ज देऊन घरी बसलेल्या गुजरात वीज मंडळाच्या इंजिनिअरची नोकरी गेली, आणि 1989 साली सुप्रीम कोर्टाने ते योग्य ठरवले.

त्या गृहस्थांना आम्ही सुनेच्या अर्जाची पोच मागितली. पोच नव्हती. अर्ज कुणा साहेबांच्या हातात दिला होता, "बघतो" म्हणाले होते. कोर्ट विचारील आवक क्रमांक आणि तारीख. त्या "बघतो"ला आवक क्रमांक नसतो. मग सून रविवारी आली, दोन प्रतींत नवा अर्ज लिहिला, आणि सोमवारी आवक शाखेत शिक्का मारून घेऊनच ती शाळेच्या एसटीत बसली.